स्कार्लेट आणि व्हायोलेट: एकच गेम घेऊन चारशेचा पोकेडेक्स कसा पूर्ण करायचा

पोकेमॉन गेमच्या दोन आवृत्त्यांची नवी जोडी बाजारात आली की पहिला प्रश्न ठरलेला असतो: कोणती घेऊ? त्यानंतर थोड्याच दिवसांत दुसरा येतो: माझ्या गेममध्ये हा पोकेमॉन कुठेच सापडत नाही, कुठे शोधू? उत्तर असं, की शोधू नका, तो तुमच्या गेममध्ये ठेवलेलाच नाही. तो दुसऱ्या आवृत्तीत आहे आणि तुमच्याकडे यायला त्याला दुसरा माणूस लागतो.

मी स्कार्लेट खेळतो, पुण्यात. माझा भाचा व्हायोलेट खेळतो, न्यू जर्सीत. आमच्या दोघांचाही गेममधल्या पाल्डिया प्रदेशाचा पोकेडेक्स, म्हणजे मिळवलेल्या पोकेमॉनची नोंदवही, चारशेच्या चारशे भरला, तोही दोन्ही गेम विकत न घेता. त्यात ज्या चुका झाल्या आणि जे मार्ग सापडले, ते सगळं इथे सविस्तर लिहितो आहे. तुम्ही दुसरी आवृत्ती घेण्याच्या विचारात असाल, तर त्याआधी हे वाचा.

हे असं का केलं आहे

पोकेमॉनचे जनक सातोशी ताजिरी लहानपणी तोक्योजवळच्या माचिदा भागात किडे गोळा करत हिंडायचे. गेम बॉयची दोन यंत्रं जोडणारी वायर पाहिल्यावर त्यांच्या डोक्यात आलं, की त्या वायरीतून किडे इकडून तिकडे जावेत. २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानात पोकेमॉन रेड आणि ग्रीन आले, ते याच कल्पनेतून. दोन्हींची गोष्ट एक, नकाशा एक, फक्त काही पोकेमॉन एकात होते आणि दुसऱ्यात नव्हते. रेडमध्ये एकॅन्स, ग्रोलिथ, स्कायदर. दुसरीकडे सँडश्रू, व्हल्पिक्स, पिन्सर. दोन्ही बाजूंना अकरा-अकरा. दोन वेगळ्या आवृत्त्या काढण्याची सूचना निन्टेन्डोच्या शिगेरु मियामोतो यांची होती, असं सांगितलं जातं.

ही रिकामी जागा मुद्दाम ठेवलेली आहे, हे एकदा मनात पक्कं झालं की पुढचं सगळं सोपं जातं. ती पैसे देऊनही भरता येते, पण तिची रचना माणूस शोधण्यासाठी झालेली आहे. मला हा मार्ग मनापासून आवडतो, म्हणून लेखातही तोच आहे.

आधी हिशोब मांडा

स्कार्लेट आणि व्हायोलेट १८ नोव्हेंबर २०२२ ला निन्टेन्डो स्विचवर आले. पाल्डियाच्या डेक्समध्ये ४०० नोंदी आहेत. त्यातल्या २३ फक्त स्कार्लेटमध्ये मिळतात आणि २३ फक्त व्हायोलेटमध्ये. म्हणजे एकट्याने खेळलात तर हा एकच भेद तुम्हाला ३७७ वर थांबवतो.

स्कार्लेटवाल्यांकडे काय आहे: ड्रिफ्लून आणि ड्रिफब्लिम, स्टंकी आणि स्कंटँक, लार्व्हिटार-प्युपिटार-टायरॅनिटार, डायनो-झ्वायलस-हायड्रायगॉन, स्क्रेल्प आणि ड्रॅगाल्ज, ओरँगुरू, स्टोनजर्नर. हे चौदा झाले. मग आर्मारूज, कोरायडॉन आणि प्राचीन काळातले सात पॅराडॉक्स: ग्रेट टस्क, स्क्रीम टेल, ब्रूट बॉनेट, फ्लटर मेन, स्लिदर विंग, सँडी शॉक्स, रोअरिंग मून.

व्हायोलेटवाल्यांकडे: मिसड्रीव्हस आणि मिसमेजियस, गल्पिन आणि स्वालॉट, बेगॉन-शेलगॉन-सॅलमेन्स, ड्रीपी-ड्रॅकलोक-ड्रॅगापल्ट, क्लॉन्चर आणि क्लॉविट्झर, पॅसिमियन, आइस्क्यू. शिवाय सेरुलेज, मिरायडॉन आणि भविष्यातले सात: आयर्न ट्रेड्स, आयर्न बंडल, आयर्न हँड्स, आयर्न जुगुलिस, आयर्न मॉथ, आयर्न थॉर्न्स, आयर्न व्हॅलियंट.

२३ चा आकडा बघून दडपून जाऊ नका, कारण प्रत्यक्षात २३ ट्रेड, म्हणजे अदलाबदली, लागत नाहीत. डायनो एकदा हातात आला की ५० व्या लेव्हलला तो झ्वायलस होतो आणि ६४ व्या लेव्हलला हायड्रायगॉन. एका ट्रेडमध्ये तीन नोंदी. लार्व्हिटार ३० ला आणि ५५ ला बदलतो, बेगॉन ३० ला आणि ५० ला, ड्रीपी ५० ला आणि ६० ला. म्हणजे चौदा नोंदींसाठी फक्त सात छोटे पोकेमॉन पुरतात. त्यात एक आर्मारूज किंवा सेरुलेज, सात पॅराडॉक्स आणि एक लेजेंडरी (कोरायडॉन किंवा मिरायडॉन) मिळवला की एकूण सोळा ट्रेड. दोन निवांत बैठकांत होण्यासारखं काम आहे.

डेक्समधली इतर भोकं विसरू नका

इथे बहुतेकजण फसतात. आवृत्तीचा भेद भरून काढला तरी डेक्स ४०० होत नाही.

पहिलं म्हणजे सुरुवातीचे तीन: स्प्रिगाटिटो, फ्युकोको, क्वॅक्सली. तुम्ही एक निवडता, उरलेल्या दोघांच्या मिळून सहा नोंदी रिकाम्या राहतात. तुमचा जोडीदार दुसरा निवडेल, पण तिसरा तुम्हा दोघांकडेही नसेल! मी फ्युकोको घेतला होता, भाच्याने स्प्रिगाटिटो. क्वॅक्सलीसाठी आम्हाला तिसरं माणूस शोधावं लागलं. गेम सुरू करायच्या आधीच तिघांनी मिळून ठरवलंत, तर ही अडचण येणारच नाही.

दुसरं म्हणजे ट्रेड झाल्याशिवाय एव्हॉल्व्ह न होणारे, म्हणजे पुढच्या रूपात न बदलणारे. हाँटरचा गेंगार, किंग्ज रॉक धरलेल्या स्लोपोकचा स्लोकिंग, मेटल कोट धरलेल्या स्कायदरचा सायझर. हे ट्रेड करून परत घ्यायचे असतात. पाठवण्याआधी एकदा तपासा, की पोकेमॉनच्या हातात एव्हरस्टोन नाही ना. तो असेल तर ट्रेड होईल, पण पोकेमॉन बदलणार नाही आणि तुम्ही विचार करत बसाल.

तिसरं, आणि हे फार कमी जणांना माहीत असतं: फिनिझेनचा पॅलाफिन होण्यासाठी युनियन सर्कलमध्ये, म्हणजे दुसऱ्या खेळाडूसोबत एकाच जगात असताना, त्याची लेव्हल वाढावी लागते. ३८ व्या लेव्हलपासून पुढे. जोडीदारासोबत बसणार असाल त्या दिवशी ३७ चा फिनिझेन सोबत ठेवा.

जोडीदार ठरवा, आणि लवकर ठरवा

मी माझा गेम संपवून, सगळं पकडून मग भाच्याला फोन केला. तो म्हणाला, "मामा, आधी सांगायचंस ना! माझ्याकडे दोन-दोन बेगॉन होते, मी एक सोडून दिला." त्यामुळे पहिली गोष्ट ही, की गेम हातात घेतल्याच्या आठवड्यातच कोण कोणासाठी काय राखून ठेवणार हे बोलून घ्या.

त्यासाठी एक सोपी सवय लावून घ्या. स्वतःच्या आवृत्तीतलं जे जे दुसऱ्याला मिळणार नाही, ते पकडताना एकाऐवजी दोन पकडा आणि दुसरा एका वेगळ्या बॉक्समध्ये टाका. बॉक्सचं नाव बदलता येतं. माझ्या त्या बॉक्सचं नाव भाच्याच्या नावावरूनच आहे. ट्रेडच्या दिवशी तीस बॉक्स धुंडाळत बसावं लागत नाही.

त्या राखीव पोकेमॉनला टोपणनाव देऊ नका. मूळ मालकाने नाव ठेवलेलं असेल तर घेणाऱ्याला ते बदलता येत नाही. ठेवलेलं नसेल तर तो स्वतःच्या आवडीचं ठेवू शकतो.

एकच पकडला असेल तरी हरकत नाही, अंडी मिळवता येतात. पिकनिक मांडा, संघात तो पोकेमॉन आणि एक डिट्टो ठेवा, थोड्या वेळाने टोपलीत अंडं दिसतं. हायड्रायगॉन असला तरी अंड्यातून डायनोच निघतो, म्हणून मोठा झालेला पोकेमॉनही कामाला येतो. अंडी लवकर उबवायची असतील तर फ्लेम बॉडी ही क्षमता असलेला टॅलनफ्लेम संघात घ्या. पाल्डियात डिट्टो दुसऱ्या पोकेमॉनचं रूप घेऊन फिरत असतो, त्यामुळे त्याला शोधताना जरा संयम लागतो.

पॅराडॉक्स पोकेमॉन मात्र अंडी देत नाहीत. ते एरिया झीरोमध्येच, म्हणजे गोष्टीच्या शेवटी उघडणाऱ्या भागात, दोनदा पकडायचे. यासाठी एक वेगळी संध्याकाळ काढा, घाईत करू नका.

चारकॅडेटची युक्ती

या एका जागी मला सगळ्यात जास्त मजा आली, म्हणून जरा थांबून सांगतो.

चारकॅडेट दोन्ही आवृत्त्यांत आहे. फरक आहे तो चिलखताचा. झापापिको गावात एक व्यक्ती उभी असते. स्कार्लेटमध्ये तिला ब्रॉन्झोरचे दहा तुकडे दिले की ती ऑस्पिशस आर्मर देते, आणि त्याने चारकॅडेटचा आर्मारूज होतो. व्हायोलेटमध्ये ती सिनिस्टीचे दहा तुकडे मागते आणि मॅलिशस आर्मर देते, त्याने सेरुलेज होतो.

आता बरेच लोक आर्मारूज तयार करून पाठवतात आणि समोरच्याकडून सेरुलेज घेतात. त्यात काही चूक नाही. पण त्याहून चांगला मार्ग असा: चिलखत चारकॅडेटच्या हातात द्या आणि तो चारकॅडेट पाठवा. घेणाऱ्याला स्वतःच्या हाताने ते चिलखत चढवता येतं, तो बदल त्याच्या पडद्यावर घडतो, आणि हवं असेल तर स्वतः पकडलेल्या, नाव ठेवलेल्या चारकॅडेटला ते देता येतं. भाच्याने त्याच्या पहिल्या दिवसापासूनच्या चारकॅडेटला असं चिलखत घातलं. तो व्हिडिओ कॉलवर होता, मला फक्त त्याचा चेहरा दिसत होता, पडद्याचा निळसर उजेड त्यावर पडलेला, आणि बदल पूर्ण होईपर्यंत तो एक शब्द बोलला नाही. मग म्हणाला, "मामा, आला!"

हीच रीत मिसड्रीव्हसलाही लागू होते. त्याला मिसमेजियस व्हायला डस्क स्टोन लागतो. तो सोबत धरायला दिलात तर समोरच्याचा शोध वाचतो.

प्रत्यक्ष ट्रेड

शेजारी बसलेले असाल तर इंटरनेटची किंवा निन्टेन्डो स्विच ऑनलाइनच्या वर्गणीची गरज नाही. दोन स्विच एकमेकांशी थेट बोलतात. दूर असाल तर दोघांकडेही ती वर्गणी हवी.

एक्स बटण दाबा, मेनूतून पोके पोर्टल उघडा. ऑनलाइन जायचं असेल तर इथेच एल बटण दाबून जोडणी करा. हे लोक विसरतात आणि मग शोध सुरूच राहतो, कोणीच सापडत नाही. लिंक ट्रेड निवडा. आठ आकडी लिंक कोड टाकायची सोय आहे, ती वापराच. कोड फोनवर ठरवा, आणि एकसारखे किंवा ओळीने येणारे आकडे टाळा, कारण तसे कोड जगभरातले अनोळखी लोक टाकत असतात आणि तुमची गाठ भलत्याशीच पडते. आम्ही माझ्या आईच्या जन्मतारखेचे आकडे उलटे करून वापरतो.

जोडणी झाली की समोर कोणाचं नाव आलं आहे ते आधी वाचा. मगच पोकेमॉन निवडा. समोरच्याने काय ठेवलं आहे हे दाखवलं जातं, तेव्हाही एकदा तपासा. दोघांनी होकार दिला की ट्रेड होतो आणि मग तो मागे घेता येत नाही.

पुणे आणि न्यू जर्सी यांच्यात उन्हाळ्यात साडेनऊ तासांचं अंतर असतं, हिवाळ्यात साडेदहा. भाच्याचे रात्रीचे साडेआठ वाजले की माझ्याकडे दुसऱ्या दिवशी पहाटेचे सहा, किंवा थंडीत सात. आमची सगळी देवाणघेवाण या वेळेत झाली. अमेरिकेतल्या नातेवाइकासोबत करणार असाल तर नोव्हेंबरच्या सुरुवातीला आणि मार्चमध्ये वेळ पुन्हा विचारून घ्या, तिकडे घड्याळ एक तास सरकतं.

क्रम असा ठेवा: आधी छोटे सात, मग चिलखतवाला चारकॅडेट, मग पॅराडॉक्स, शेवटी कोरायडॉन आणि मिरायडॉन. छोटे आधी घेण्याचं कारण त्यांना वाढवायला वेळ लागतो. ट्रेडमध्ये मिळालेल्या पोकेमॉनला अनुभव जास्त मिळतो, त्यामुळे तुम्ही पकडलेल्यांपेक्षा ते लवकर वाढतात.

गोष्ट अजून पूर्ण केली नसेल तर एक पथ्य पाळा. जिम बॅज नसेल तर २० लेव्हलपर्यंत मिळालेले पोकेमॉनच तुमचं ऐकतात. प्रत्येक बॅजमागे ही मर्यादा पाचाने वाढते, आठ बॅज झाले की सगळेच ऐकतात. तेव्हा प्रेमापोटी नव्या खेळाडूला ६० लेव्हलचा टायरॅनिटार पाठवू नका. तो लढाईत उभा राहून दुसरंच काही करेल.

दोघे एकत्र खेळून पकडायचं असेल तर

युनियन सर्कलमध्ये चारजणांपर्यंत एकाच जगात फिरता येतं. ज्याच्या जगात तुम्ही जाता, त्याच्या आवृत्तीतले रानटी पोकेमॉन तुम्हालाही दिसतात आणि पकडता येतात. स्कार्लेटवाल्याने व्हायोलेटवाल्याच्या जगात जाऊन स्वतःच्या बॉलने बेगॉन पकडला, तर मूळ मालक म्हणून त्याचंच नाव लागतं. ज्यांना ट्रेडपेक्षा स्वतः पकडलेलाच हवा असतो, त्यांच्यासाठी हा उत्तम मार्ग आहे. फिनिझेनचं कामही त्याच फेरीत उरकतं.

टेरा रेडचंही, म्हणजे चौघांनी मिळून एका पोकेमॉनशी करायच्या लढाईचंही, तसंच. ती लढाई ज्याने सुरू केली त्याच्या आवृत्तीप्रमाणे पोकेमॉन येतो, आणि सामील झालेल्या चौघांनाही तो पकडता येतो.

जोडीदारच नसेल तर

मोबाइलवरच्या पोकेमॉन होम ॲपमध्ये जीटीएस आहे. तिथे तुमचा एक पोकेमॉन ठेवायचा आणि बदल्यात काय हवं ते लिहायचं. स्कार्लेट आणि व्हायोलेट ३० मे २०२३ पासून होमशी जोडले गेले आहेत. इथे मागणी रास्त ठेवा. डायनो देऊन बेगॉन मागा, ड्रिफ्लून देऊन मिसड्रीव्हस, ग्रेट टस्क देऊन आयर्न ट्रेड्स. समोरच्या आवृत्तीतल्या माणसालाही हेच हवं असतं, त्यामुळे असे सौदे लवकर होतात. आमचा क्वॅक्सली जीटीएसवरूनच आला, एका फ्युकोकोच्या बदल्यात.

पोकेमॉन गो खेळणाऱ्यांकडे तर खजिना आधीच खिशात आहे. डिसेंबर २०१६ पासून भारतात लोक हा गेम खेळत आहेत. शिवाजी पार्कात किंवा सारसबागेत चालता चालता पकडलेला लार्व्हिटार, बेगॉन, डायनो होममार्फत स्विचवर नेता येतो. मात्र हा रस्ता एकेरी आहे. गोमधून गेलेला पोकेमॉन परत गोमध्ये येत नाही. फार जीव असलेला असेल तर दुसरा पाठवा.

अनोळखी माणसासोबत "एव्हॉल्व्ह करून परत दे" असा व्यवहार करू नका. माझा एक हाँटर असाच गेला, समोरच्याने गेंगार झाल्याबरोबर जोडणी तोडली. तो मी गोष्टीच्या सुरुवातीपासून वाढवलेला होता, त्यामुळे खूप वाईट वाटलं. परत घ्यायच्या गोष्टी ओळखीच्या माणसासोबतच करा. आणि सरप्राइज ट्रेडमध्ये, म्हणजे अनोळखी माणसाशी न बघता होणाऱ्या अदलाबदलीत, एखाद्या वेबसाइटचा पत्ता हेच नाव असलेला चमकदार पोकेमॉन आला, तर तो बहुधा गेमबाहेर बनवलेला असतो. असला पोकेमॉन मी ठेवत नाही, पुढे कोणाला देतही नाही.

डीएलसी घेतलं असेल तर

डीएलसी म्हणजे वेगळे पैसे देऊन गेमला जोडायचा भाग. त्यातले प्रत्येक आवृत्तीचे दोन पोकेमॉन जपून हाताळायचे आहेत: स्कार्लेटमध्ये गाउजिंग फायर आणि रेजिंग बोल्ट, व्हायोलेटमध्ये आयर्न क्राउन आणि आयर्न बोल्डर. प्रत्येक गेममध्ये हे एकेकच मिळतात. कायमचे द्यायचे नसतील तर ट्रेड करून लगेच परत घ्या, हातात आला की नोंद राहते. हे फक्त घरच्या माणसासोबत.

शेवटचे दोन नंबर

३९९ कोरायडॉन, ४०० मिरायडॉन. ज्याच्या पाठीवर बसून तुम्ही सगळा पाल्डिया फिरलात, तो ट्रेड करता येत नाही. गोष्ट पूर्ण झाल्यावर एरिया झीरोमध्ये परत जा, तिथे दुसरा मिळतो. तो देता येतो, आणि बदल्यात समोरच्याचा दुसरा कायमचा घेता येतो. म्हणून इथे परत द्यायचं काही कारणच नाही. दोघांकडेही दोन्ही राहतात.

आम्ही तो ट्रेड जानेवारीतल्या एका सकाळी सात वाजता केला. चहा गार झाला होता. मिरायडॉन आला आणि चारशेवी जागा भरली. भाच्याने तिकडून विचारलं, "तुझं झालं का रे मामा?" आणि आम्ही दोघेही एकाच वेळी अकादमीत गेलो, जॅक सरांशी बोलायला. डेक्स पूर्ण झाल्यावर ते शायनी चार्म देतात. त्याने शायनी, म्हणजे वेगळ्या रंगाचे दुर्मिळ चमकदार पोकेमॉन दिसण्याची शक्यता वाढते. तो घ्यायला विसरू नका, तो आपोआप मिळत नाही.

"आता एक शायनी ड्रिफ्लून शोध," भाचा म्हणाला. "माझ्याकडे नाही मिळत."